विसार दिला म्हणजे जागा झाली का?

आपल्या वस्तीत कुणी जागेचा विसार दिला की लगेच पेढे वाटले जातात. अमक्याची जागा झाली, अशी बातमी घरोघर जाते. खरे म्हणजे त्या दिवशी जागा झालेली नसते. नुसत्या साठेखताने घेणाऱ्याला जागेत मालकी हक्क मिळत नाही, असे १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ५४ सांगते. मालकी येते ती नोंदणी झालेल्या खरेदीखताने. साठेखत हे पुढे खरेदीखत करून देण्याचे वचन असते. मग वचन देणाराच फिरला तर?

हा प्रश्न आमच्या अक्कापुढे उभा राहिला. दाजी कारखान्यात फिटर होते. भाड्याच्या दोन खोल्यांत निम्मे आयुष्य गेल्यावर २००९ साली त्यांनी तालुक्याच्या गावी बाराशे चौरस फुटांचा बिनशेती प्लॉट ठरवला. किंमत २ लाख ४० हजार. प्रॉव्हिडंट फंडातून उचललेले ६० हजार विसार म्हणून दिले. साठेखत दुय्यम निबंधकाकडे नोंदवले. उरलेले पैसे देऊन अकरा महिन्यांत खरेदीखत करायचे, असे ठरले.

मध्येच गावाबाहेरून रस्ता गेला आणि जागेचा भाव दुप्पट झाला. मालकाची भाषा बदलली. आधी भाऊ परगावी गेलाय, मग उतारा निघाला नाही, आणि शेवटी, ‘‘तुमचा विसार व्याजासकट घ्या आणि मोकळे व्हा.’’

नातेवाईकही म्हणाले, घ्या पैसे, कोर्टाची पायरी नको. अक्का तेवढी ऐकेना. ती म्हणाली, ‘‘त्या पैशात आता प्लॉटचा कोपरा तरी येतो का? आम्ही पैसे व्याजाने लावले नव्हते. जागा ठरवली होती, जागाच पाहिजे.’’

अक्का चौथी शिकलेली, पण कायद्याचे मर्म तिने बरोबर पकडले होते. सायकल एका दुकानात नाही मिळाली तर दुसऱ्या दुकानात तशीच मिळते. तिथे नुकसानभरपाई दिली की भागते. जागेचे तसे नसते. प्रत्येक जागा वेगळी, तिची रस्त्याची बाजू वेगळी, शेजार वेगळा. म्हणूनच १९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याप्रमाणे, ‘पैसे नकोत, ठरलेले खरेदीखतच करून द्या’, असा हुकूम कोर्टाकडे मागता येतो.

पण हा हुकूम मागणाऱ्यावरही एक अट असते. आपला वाटा पुरा करायला आपण पहिल्यापासून तयार आणि राजी होतो, हे त्याला सिद्ध करावे लागते. गरीब माणूस अडकतो तो इथेच. तयारी असते, पुरावा नसतो. अक्का-दाजींनी मुदतीच्या आधी वकिलामार्फत रजिस्टर पोस्टाने नोटीस पाठवली. ठरल्या तारखेला दोघे निबंधक कचेरीत दिवसभर बसले. मालक आला नाही. पोचपावती, पासबुक, पतसंस्थेचे कर्जाचे पत्र, सगळे अक्काने एका पिशवीत बांधून ठेवले. पुढे साक्षीच्या वेळी समोरच्या वकिलाने विचारले, ‘‘बाई, पैसे होते कुठे?’’ तेव्हा ती पिशवीच बोलली.

गप्प बसणाऱ्याचे काय होते, याचे एक उदाहरण सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या निकालात आहे. मदुराईतल्या एका घराचा सौदा १९७८ साली ६० हजारांना ठरला. विसार ५ हजार, मुदत सहा महिने. घेणारा अडीच वर्षे स्वस्थ बसला, तोवर घरांचे भाव चढले, आणि मग त्याने नोटीस दिली. न्यायालयाने त्याला घर मिळू दिले नाही. दाव्याची मुदत ठरल्या तारखेपासून तीन वर्षे असते हे खरे. पण तीन वर्षे आहेत म्हणून झोपून राहावे असा त्याचा अर्थ नाही.

दावा २०११ साली दाखल झाला. २०१३ साली दाजी गेले. आजारपणात घरातली ठेव मोडली. अशा वेळी नव्वद दिवसांत वारसांची नावे दाव्यात लावावी लागतात. दुःख बाजूला ठेवून अक्काने ती लावली. कायदा रोख रक्कम उशाशी ठेवा म्हणत नाही, ऐपत दाखवा म्हणतो. थोरला भाचा तोवर कामाला लागला होता. २०१७ साली निकाल आमच्या बाजूने लागला. उरलेले १ लाख ८० हजार दोन महिन्यांत कोर्टात भरा, असा हुकूम झाला. पतसंस्थेचे कर्ज काढून ते भरले. तरीही मालक सही करीना. पुन्हा दरखास्त. अखेर २०१९ साली कोर्टाच्या माणसाने त्याच्या वतीने सही करून खरेदीखत दिले. दाजींनी त्या जागेच्या फक्त खुंट्या पाहिल्या, भिंती नाही. हा न्याय स्वस्त नव्हता, हे लपवण्यात अर्थ नाही.

पूर्वी असा हुकूम द्यायचा की नाही, हे बरेचसे न्यायाधीशांच्या विवेकावर असे. १ ऑक्टोबर २०१८ पासून कायद्यातील दुरुस्तीने तो विवेक पुष्कळ कमी केला आहे. तयारी सिद्ध करण्याची अट मात्र कायम आहे.

तेव्हा बंधू-भगिनींनो, विसार देण्याआधी उतारा पाहा आणि सगळ्या हिस्सेदारांच्या सह्या घ्या. जमीन वतनाची किंवा नव्या शर्तीची असेल, तर कलेक्टरची परवानगी लागते का ते विचारा. साठेखत नोंदवा, म्हणजे मागून घेणाऱ्याला ‘मला माहीत नव्हते’ म्हणता येणार नाही. तारीख स्पष्ट लिहा, पैसे बँकेतून द्या. दावा करावा लागलाच, तर खरेदीखताबरोबर, ते न मिळाल्यास विसार परत मिळावा, अशीही मागणी लिहून घ्या. ती लिहिलेली नसेल तर कोर्ट आपण होऊन देत नाही. वकिलाला पैसे नसतील तर तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे जा. १९८७ च्या कायद्याने स्त्रियांना, अनुसूचित जाती-जमातींना आणि औद्योगिक कामगारांना मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे.

पेढे वाटायला कुणाची ना नाही. फक्त ते खरेदीखताच्या दिवशी वाटावेत.