जगबुडी आली तर वटारला या!

झॉम्बींच्या गेममध्ये पहिल्याच रात्री मरणाऱ्या एका मुलीला नालासोपाऱ्याच्या पलीकडच्या गावात भेटली एक आजी. तिने न खेळताच दिलेल्या या टिप्स. वीकेंडला हटके डेस्टिनेशन शोधत असाल तर बॅग भरा, पण आधी पाणी भरा!

पहिल्या रात्री मी ओव्हन चालू ठेवून झोपले आणि घरासकट जळाले. दुसऱ्या वेळी खिडकीची काच हाताने फोडली आणि रक्त जाऊन गेले. तिसऱ्या वेळी झॉम्बी दिसताच अशी काही पळत सुटले की दोन गल्ल्यांत दम संपला. पुढचं सांगायला नकोच!

गेमचं नाव ‘प्रोजेक्ट झॉम्बॉइड’. ‘दि इंडी स्टोन’ नावाच्या छोट्या टीमने २०११मध्ये आणलेला, अजूनही वाढतच असलेला. अमेरिकेतल्या केंटकी राज्यात जगाचा शेवट झालाय, सगळीकडे झॉम्बी आहेत आणि तुम्ही एकटे उरलाय. गंमत म्हणजे गेम सुरुवातीलाच सांगून टाकतो, की ही तुमच्या मरणाची गोष्ट आहे. जिंकायचं नाहीच, फक्त किती दिवस टिकता ते बघायचं.

माझा रेकॉर्ड होता दीड दिवस. माझा एक मित्र मात्र या गेममध्ये सहा-सहा महिने आरामात जगतो. हा अंधेरीच्या आयटी ऑफिसात बसणारा, पण घर वटारला. ‘‘ट्रिक सांग ना यार,’’ म्हणून मी त्याच्या फारच मागे लागले, तेव्हा तो म्हणाला, ‘‘शनिवारी घरी ये. माझ्या आजीला भेट. तिने कधी माउसला हात लावलेला नाही, पण ती तुझ्यापेक्षा नक्की जास्त दिवस टिकेल.’’

फंडा १ : शहराच्या कडेला राहा

गेममध्ये नवशिक्यांना पहिला सल्ला मिळतो तो गावाबद्दल. लुईव्हिलसारख्या मोठ्या शहरात माल भरपूर, पण झॉम्बी त्याहून भरपूर. सुरुवात करायची ती रोझवूड किंवा रिव्हरसाइडसारख्या लहान गावातून. घरही शक्यतो कडेचं बघायचं. मागे झाडं, पळायला वाट.

नालासोपारा स्टेशनच्या पुलावर हा सल्ला शंभर टक्के पटतो. शनिवारी सकाळी विरारकडे जाणाऱ्या गाडीत चक्क बसायला मिळतं, पण समोरच्या चर्चगेट गाडीला लटकलेली माणसं बघून पोटात गोळा येतोच. पश्चिमेला उतरून रिक्षा धरली. दुकानं, क्लासेसचे बोर्ड, टॉवर... आणि मग अचानक रस्ता अरुंद होतो, दोन्ही बाजूंना केळी आणि माड दिसू लागतात, हवा दोन डिग्रीने गार झाल्यासारखी वाटते. नाळे, सत्पाळा, राजोडी, नंदाखाल अशी गावं हातात हात घालून उभी असावीत, त्यातलंच एक वटार. पलीकडे समुद्र.

वाटेत सोपाऱ्याला थांबून स्तूप बघितला. १८८२मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजींनी तो उकरून काढला. सम्राट अशोकाच्या शिलालेखाचे तुकडेही याच सोपाऱ्यात सापडले. एके काळी हे शूर्पारक नावाचं दूरदूरच्या देशांशी व्यापार करणारं बंदर होतं. खाडी गाळाने भरत गेली आणि बंदर संपलं. पुढे पोर्तुगीज आले, १७३९मध्ये चिमाजी अप्पांच्या फौजेने वसईचा किल्ला जिंकला तेव्हा तेही गेले. म्हणजे या पट्ट्यात एक एक जग अनेकदा संपलंय. दर वेळी मागे उरला तो वाडी शिंपणारा माणूस. त्याने काय केलं असेल, हे बघायला मी चालले होते.

फंडा २ : पाणी आधी, बाकी सगळं नंतर

माझ्यासारखे नवखे खेळाडू आधी काय शोधतात? बॅट, कुऱ्हाड, बंदूक. मुरलेले खेळाडू पहिल्या दिवशी काय करतात? नळ सोडतात! बाटल्या, पातेली, बादल्या, सापडेल ते भांडं भरून ठेवतात. कारण गेमच्या नेहमीच्या सेटिंगमध्ये पहिल्या तीस दिवसांत कधीतरी नळ आणि वीज दोन्ही बंद होतात. कधी, ते कोणालाच माहीत नसतं. मग पावसाचं पाणी धरायला पिंप बनवावं लागतं, त्यासाठी सुतारकाम शिकावं लागतं आणि ते पाणी उकळल्याशिवाय प्यायलात तर आजारी पडता. ज्याला आयती विहीर सापडते, तो राजा.

आजींच्या मागच्या दारी विहीर होती. पंप होता, पण बाजूला खुंटीला दोर आणि पोहराही टांगलेला. ‘‘पंप असताना हा कशाला?’’ मी विचारलं.

‘‘पंप लाइटवर चालतो, पोहरा हातावर,’’ आजी म्हणाल्या.

गेममध्ये जग बुडतं ९ जुलै १९९३ला. वसई-विरारकरांना विचाराल, तर ते जुलै २०१८ म्हणतील. त्या महिन्यात १० तारखेला नालासोपाऱ्याला रूळ पाण्याखाली होते, वसई ते विरार लोकल बंद, वीज गायब. मित्र दोन रात्री ऑफिसातच अडकला होता. घरी काय चाललं असेल या काळजीने त्याची झोप उडालेली, आणि घरी? पोहऱ्याने पाणी, चुलीवर भात, वर भाजलेलं सुकट. स्टेशनजवळच्या टॉवरमधल्या त्याच्या मित्रांकडे सातव्या मजल्यावर प्यायला पाणी नव्हतं. खाली मात्र कमरेएवढं!

फंडा ३ : नासणारं आधी खा, टिकणारं लपवा

गेममध्ये फ्रिज चालू आहे तोवर भाजी, दूध, मांस संपवायचं आणि डबाबंद खाणं शेवटासाठी ठेवायचं. मी नेमकं उलटं करायचे. पहिल्या दिवशी टिनमधले बीन्स खाऊन मोकळी!

आजींच्या घरात याला ‘आगोटीची बेगमी’ म्हणतात. पाऊस सुरू व्हायच्या आत वर्षाचं भरून ठेवायचं. मिठातली कैरी, चिंच, मसाला, सुकवलेले बोंबील, सुकट, तांदूळ. माळ्यावर डबे असे रचलेले, की गेममधल्या माझ्या ‘बेस’ची मला लाजच वाटली.

आणि मग आली सुकेळी! या पट्ट्याची खासियत. राजेळी जातीची पिकलेली केळी सोलून कित्येक दिवस उन्हात वाळवायची, रात्री उचलून झाकून ठेवायची, सकाळी पुन्हा पसरायची. शेवटी तपकिरी, चिकट, मधासारखी गोड होतात. मग केळीच्याच सुक्या पानात बांधून ठेवायची. ना साखर, ना प्रिझर्व्हेटिव्ह, ना फ्रिज. हल्ली ती करणारी घरं कमी होत चाललीयत, कारण एवढी उठाठेव करायला घरात माणूस नसतं. मी चार खाल्ली. पाचवीला मित्राने डबा बंद केला. ‘‘रेशनिंग,’’ म्हणे!

फंडा ४ : पळू नका, शिका

झॉम्बॉइडमध्ये आवाज म्हणजे आमंत्रण. वाकून चालायचं, पडदे ओढून घ्यायचे, गर्दीशी पंगा घ्यायचा नाही. आणि मिळेल तो वेळ शिकण्यात घालवायचा. सुरुवातीच्या दिवसांत टीव्ही चालू असतो, त्यावरचे सुतारकामाचे, स्वयंपाकाचे कार्यक्रम बघितले तर तुमचं कॅरॅक्टर खरंच ते शिकतं. वीज गेल्यावर पुस्तकं उरतात. नुसती मारामारी येणारा फार टिकत नाही. बी पेरता येणारा, मासे धरता येणारा, जखम बांधता येणारा टिकतो.

आजींनी दुपारभरात केलेली कामं मी मोजली. केळीच्या सोपाचे दोर काढले, अळूची पानं खुडली, बोंबील नीट केले, विळ्याची मूठ बसवली आणि माझ्या पायात गेलेला काटा काढला. मला काय येतं? एक्सेल, थोडं फोटोशॉप आणि मॅगी.

फंडा ५ : जो गेममध्ये नाही

चहा झाल्यावर आजी वाडीच्या कोपऱ्यात घेऊन गेल्या. तिथे एक तळं होतं. हिरवं पाणी, काठावर माड, मधेच एक खंड्या. ‘‘हे बावखल,’’ मित्र म्हणाला.

वसईच्या वाड्यांमध्ये माणसांनी खणलेली ही तळी. पूर्वी यांच्यावर रहाट चालायचे, वाडीला पाणी जायचं. पण खरं काम वर दिसत नाही. पावसाचं पाणी यात साठतं, हळूहळू जमिनीत मुरतं आणि आसपासच्या विहिरींना पोचतं. समुद्र एवढा जवळ असताना विहिरीचं पाणी गोडं कसं, याचं उत्तर इथे आहे. गोडं पाणी खाऱ्यापेक्षा हलकं असतं. त्यामुळे जमिनीखाली ते खाऱ्या पाण्यावर तरंगतं. भूजलशास्त्राचा साधा हिशेब असा, की समुद्रसपाटीच्या वर एक फूट गोडं पाणी असेल, तर खाली साधारण चाळीस फूट गोडं पाणी खाऱ्याला दाबून धरतं. उलटंही तितकंच खरं. वरची पातळी एक फूट उतरली, की खालून खारं पाणी हळूहळू चाळीस फूट वर चढू बघतं.

म्हणून तर वाड्यांमधल्या विहिरींतून टँकर भरभरून पाणी बाहेर जाऊ लागलं, तेव्हा इथली माणसं रस्त्यावर उतरली. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या पुढाकाराने ‘हरित वसई’ची चळवळ उभी राहिली, ती या पाण्यासाठी आणि झाडांसाठी. हेच दिब्रिटो पुढे २०२०च्या उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. २०२४मध्ये ते गेले. २००९मध्ये महापालिका आली, तेव्हाही ‘आमची गावं गावंच राहू द्या’ म्हणून हा पट्टा पेटला होता. या सगळ्याच्या मुळाशी हे हिरवं, शेवाळलेलं पाणी आहे, हे मला त्या काठावर उभी राहिल्यावर कळलं.

‘‘मे महिन्यात विहीर मचूळ लागायला लागलीय,’’ आजी सहज बोलून गेल्या. ‘‘डाळ शिजत नाही लवकर. पलीकडच्यांनी त्यांचं बावखल बुजवलं तेव्हापासून.’’

मी मित्राकडे बघितलं. तो चपलेने माती उकरत होता. मग हळूच म्हणाला, ‘‘आमचंही बुजवायचं चाललंय. काकांचा आणि आमचा सामाईक तुकडा आहे. काका म्हणतात, पुढेमागे चार खोल्या निघतील. आणि मी... मी गाडी बुक केलीय गं. पार्किंगला जागाच नाही.’’

गेममध्ये सहा महिने टिकणारा हाच तो! पावसाच्या एकेका पिंपासाठी सुतारकाम शिकणारा!

‘‘तुझ्या त्या खेळात,’’ आजींनी विचारलं, ‘‘पाणी साठवतात कशात?’’

‘‘पिंपात.’’

‘‘पिंपातलं पाणी ज्याचं त्याचं. बावखलातलं शेजाऱ्याच्या विहिरीतपण जातं. आणि त्याच्या बावखलातलं आपल्या.’’ एवढं बोलून त्या अळूला पाणी घालायला गेल्या.

गेममधला मोठा फरक मला तेव्हा लक्षात आला. तिथे आपण दुसऱ्यांच्या घरातून उचलून आणतो आणि आपला माळा भरतो. सगळे उचलणारेच, त्यामुळे शेवटी सगळे मरतात. वटारला बेगमी दोन प्रकारची आहे. एक माळ्यावरची, ती आपल्या घरापुरती. दुसरी जमिनीखालची, तिला ना कुंपण ना कुलूप. एकाने बुजवलं की सगळ्यांची डाळ शिजायची थांबते. आणि पावसाळ्यात तेच पाणी जागा न मिळाल्याने अंगणात, घरात, रुळांवर जातं.

संध्याकाळी राजोडीच्या किनाऱ्यावर सुरूच्या झाडांखाली बसलो. मित्र फार बोलला नाही. परतीच्या गाडीत मी फोनवर गेमच्या टिप्सची यादी लिहिली. पहिली ओळ, पाणी. दुसरी, पाणी.

त्या रात्री मी अकरा दिवस टिकले! बाराव्या दिवशी पुन्हा ओव्हन...

आठवड्याने मित्राचा मेसेज आला. ‘गाडी रस्त्याकडेच्या माडाखाली लावायचं ठरवलं. काकांचं अजून ठरत नाहीये, आजी रोज संध्याकाळी त्यांच्याकडे चहाला जातेय. टपावर नारळ पडला तर खर्च तुझा.’

मी लगेच ‘ओके’ टाकलं.

कसं जाल?
चर्चगेटहून विरार फास्ट पकडा, नालासोपाऱ्याला उतरा. पश्चिमेला बस किंवा रिक्षा मिळते. जाताना सोपाऱ्याचा स्तूप जरूर बघा.

काय बघाल?
वाड्या, बावखलं, नंदाखालचं चर्च, निर्मळचं तळं आणि शंकराचार्यांचं समाधिमंदिर, राजोडीचा किनारा. पाण्यात उतरण्याआधी भरती-ओहोटीची वेळ गावात विचारून घ्या.

काय घ्याल?
सुकेळी मिळाली तर नशीब! नाहीतर वाडीतली केळी आणि ताजी भाजी.

काय टाळाल?
वाड्या खाजगी आहेत, विचारल्याशिवाय आत शिरू नका. मोठ्याने गाणी लावू नका. आवाजाने काय होतं, ते गेम खेळणाऱ्यांना सांगायला नकोच. आणि प्लास्टिकची बाटली बावखलात टाकाल, तर आजींशी गाठ आहे!