जुनी गाडी आणि कोरे कागद

अमरावती काय नि अकोला काय, शहराबाहेर जाणाऱ्या कोणत्याही मोठ्या रस्त्याने निघा, जुन्या गाड्यांचे एखादे तरी मैदान दिसतेच. वर रंगीत पताका, खाली धुऊन पुसून चकचकीत केलेल्या गाड्या आणि कोपऱ्यात पत्र्याचे ऑफिस. नव्या गाडीच्या शोरूममध्ये जाताना आपला कष्टकरी माणूस दारातच अडखळतो. इथे मात्र तो बिनधास्त शिरतो. इथला माणूस त्याच्याशी वऱ्हाडीत बोलतो, भाऊ म्हणतो, चहा पाजतो आणि पैसे कमी पडले तर फायनान्सवाल्याला तिथूनच फोन लावतो. आपल्या वस्तीतल्या ड्रायव्हर पोरांसाठी गाडी ही चैन नाही, रोजी आहे. म्हणून या मैदानांकडे जाणारी वाट चांगलीच मळलेली आहे.

तिथली भाषाही ठरलेली असते. "घरची गाडी हाये." "डॉक्टरसायबाची होती, दवाखाना ते घर, एवढीच चालली." "सकायपासून दोन गिऱ्हाईक येऊन गेले, तुमी आता बयाणा नाई देला तं संध्याकायपर्यंत रायनार नाई." या बोलण्यातले एक अक्षरही कुठे लिहिलेले नसते. जे लिहिलेले असते ते कुणी वाचून दाखवत नाही. आम्हाला या लेखात जे सांगायचे आहे ते नेमके या दोहोंमधल्या फटीबद्दल आहे.

आमच्या थोरल्या बहिणीचा मुलगा अमरावतीला राहतो. नऊ वर्षे त्याने दुसऱ्याच्या गाडीवर अमरावती-परतवाडा फेऱ्या मारल्या. आपली गाडी असावी, मालकाला रोज हिशेब द्यावा लागू नये, एवढीच त्याची इच्छा. अकोल्याच्या एका ऑटो डीलवाल्याकडे त्याला पिवळ्या पाटीची व्हॅन पसंत पडली. मीटरवर चौसष्ट हजार किलोमीटर. किंमत तीन लाख चाळीस हजार. त्यात त्याचे स्वतःचे एक लाख वीस हजार. ताई जिल्हा परिषदेच्या शाळेत शिपाई होती, तिच्या निवृत्तीच्या पैशातून एक लाख. सूनबाईने बचत गटातून चाळीस हजार उचलले आणि उरलेले ऐंशी हजार पतसंस्थेचे. हा हिशेब आम्ही मुद्दाम देतो आहोत. अशा घरात गाडी एकट्याची नसते, तिच्यात चार जणांचा घाम असतो.

गाडी घेऊन तो निघाला आणि मूर्तिजापूर ओलांडल्यावर इंजिन तापून बंद पडले. याच अमरावती-अकोला रस्त्यावर जून २०२२ मध्ये १०५ तास ३३ मिनिटांत ७५ किलोमीटरचा एका मार्गिकेचा डांबरी थर टाकून जागतिक विक्रम झाला होता. त्या विक्रमी रस्त्यावर आमचा भाचा दुपारभर टोइंगची वाट पाहत उभा होता. मेकॅनिकने इंजिन खोलले. ऑइलमध्ये पाणी मिसळलेले, आणि धूर दिसू नये म्हणून आत जाड ऑइल भरलेले. कामाचा अंदाज पंचावन्न हजार.

दुसऱ्या खेपेला आम्ही त्याच्यासोबत अकोल्याला गेलो. चहा आलाच. मग तो माणूस म्हणाला, "मामा, जुनी गाडी म्हंजे जुनी गाडी. पोट्टा सोता डायवर हाये, चालवून पाह्यली, पसंत केली. आता आमच्याकडे काहून आले?" आणि त्याने डिलिव्हरीचा कागद उलटा करून दाखवला. मागे बारीक इंग्रजीत छापले होते की गाडी जशी आहे तशी विकली, नंतर कोणतीही तक्रार चालणार नाही. खाली भाच्याची सही. सौदा सगळा वऱ्हाडीत झाला आणि सही इंग्रजीवर घेतली गेली!

या ठिकाणी अमेरिकेतली एक गोष्ट सांगावीशी वाटते. तिथे १९८५ पासून केंद्र सरकारच्या व्यापार आयोगाचा नियम आहे की जुनी गाडी विकणाऱ्या डीलरने गाडीच्या काचेवर एक छापील तक्ता लावायचा. गाडी जशी आहे तशी विकतो आहे की काही हमी देतो आहे, ते त्यावर गिऱ्हाइकाला आधीच दिसले पाहिजे. आणि सौद्याची बोलणी स्पॅनिशमध्ये झाली तर तो तक्ताही स्पॅनिशमध्ये द्यावा लागतो. आमच्या मते यात मोठा न्याय आहे. ज्या भाषेत भुरळ घातली त्याच भाषेत अटीही सांगा.

गाडी तर दारात उभी राहिली, पण त्याहून वाईट जे झाले ते घरात झाले. शेजारीपाजारी म्हणू लागले, नऊ वर्षे गाड्या हाकल्या अन् याला एवढेही कळले नाही? भाचा बाहेर निघेना. बचत गटाच्या बैठकीला सूनबाई जाईना. "जाऊ द्या मामा, आपलीच अक्कल कमी पडली," असे तो म्हणायचा. आम्ही इतक्या घरांत हेच ऐकले आहे. माणूस फसला की तो पहिले तोंड लपवतो, आणि विकणाऱ्याचा खरा भरवसा या लाजेवरच असतो.

अक्कल कमी पडण्याचा हा प्रश्नच नाही, हे एका मोठ्या अर्थशास्त्रज्ञाने दाखवून दिलेले आहे. जॉर्ज अकरलॉफ यांनी १९७० मध्ये जुन्या गाड्यांच्या बाजारावर एक निबंध लिहिला. तिकडे खराब निघालेल्या गाडीला 'लेमन', म्हणजे लिंबू म्हणतात. त्यांचे म्हणणे असे की गाडीची खरी दशा विकणाऱ्याला माहीत असते, घेणाऱ्याला नसते. म्हणून घेणारा चांगल्या गाडीलाही मधला भाव देतो. तो भाव चांगल्या गाडीच्या मालकाला परवडत नाही, तो बाजारातून निघून जातो आणि मैदानात लिंबेच उरतात. सुरुवातीला काही नियतकालिकांनी हा निबंध परत पाठवला होता. पुढे २००१ मध्ये याच कामासाठी त्यांना इतर दोघांबरोबर नोबेल पारितोषिक मिळाले. भाच्याला आम्ही हे समजावून सांगितले. तो पहिल्यांदा हसला. म्हणाला, "म्हंजे तिकडचेही फसतात?"

मग आम्ही आरसी बुक नीट पाहिले. नाव अकोल्याच्याच एका निवृत्त गृहस्थांचे. पत्ता शोधत त्यांच्या घरी गेलो. त्यांनी आठ महिन्यांपूर्वी गाडी त्या डीलवाल्याला दिली होती आणि कोऱ्या टीटी फॉर्मवर सह्या करून दिल्या होत्या. त्यांच्या समजुतीने विषय संपला होता. आम्ही सांगितले की मोटार वाहन कायद्याप्रमाणे राज्यातल्या राज्यात गाडी विकली तर विकणाऱ्याने चौदा दिवसांत आणि घेणाऱ्याने तीस दिवसांत आरटीओला कळवायचे असते. आणि सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये नवीन कुमार विरुद्ध विजय कुमार या प्रकरणात निकाल दिला आहे की गाडी पुढे कितीही हातांतून गेली तरी आरटीओच्या दप्तरी ज्याचे नाव आहे तोच मालक, अपघात झाला तर भरपाईची जबाबदारी त्याच्यावर. हे ऐकून त्या गृहस्थांच्या तोंडचे पाणीच पळाले. आठ महिने त्या गाडीने कुणाला उडवले असते तर? आपल्या घरांतून जुनी मोटरसायकल अशीच कोऱ्या सह्यांवर दिली जाते, आणि ज्यांनी दिली आहे त्यांनी आजच आरटीओत चौकशी करावी.

त्या बिचाऱ्यांनी मग कपाटातून सर्व्हिसचे पुस्तक काढले. त्यात शिक्क्यानिशी नोंद होती, एक लाख एकोणपन्नास हजार किलोमीटर. म्हणजे मीटर पंच्याऐंशी हजारांनी मागे घेतले होते! ते पुस्तक त्यांनी दिले आणि लेखी जबाबही दिला. गाडी देणारा आणि घेणारा, दोघेही एकाच माणसाकडून बुडाले होते, आणि मधला माणूस दोघांना एकमेकांची ओळख होऊ देत नव्हता.

तक्रार आम्ही मराठीत लिहिली. वकील लावलाच पाहिजे असे बंधन नाही. २० जुलै २०२० पासून लागू झालेल्या नव्या ग्राहक संरक्षण कायद्याने एक फार मोलाची सोय केली आहे. १९८६ च्या जुन्या कायद्यात जिथे दुकान किंवा जिथे व्यवहार झाला तिथेच जावे लागे, म्हणजे प्रत्येक तारखेला अकोला. आता तक्रारदार जिथे राहतो किंवा काम करतो तिथल्या जिल्हा आयोगात तक्रार देता येते. म्हणून गाडी अकोल्याची, डीलवाला अकोल्याचा, पण तक्रार अमरावतीला. दिलेली किंमत पाच लाखांपर्यंत असेल तर फी एक पैसाही नाही. मुदत दोन वर्षांची. आधी सल्ला हवा असेल तर १९१५ या क्रमांकावर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे.

पुरावा म्हणून सर्वांत कामी आला तो भाच्याचा मोबाइल. सौद्याच्या आधी डीलवाल्याने व्हॉट्सअ‍ॅपवर आवाजी निरोप पाठवला होता, "चौसष्ट हजार चालली, गॅरंटीनं सांगतो." कायद्यात वस्तूच्या दर्जाबद्दलचे खोटे विधान तोंडी असो, लेखी असो की इलेक्ट्रॉनिक, ती अनुचित व्यापारी प्रथा ठरते. दोन लाख नव्वद हजार बँकेतून गेले होते, त्याची नोंद आहे. पन्नास हजार रोख दिले त्याची पावती त्याने दिली नाही. बिल न देणे हीसुद्धा या कायद्यात अनुचित प्रथा आहे.

नोटीस गेली. तीस दिवसांत उत्तर द्यायचे असते, फार तर आणखी पंधरा मिळतात, त्यापुढे नाही. त्रेचाळिसाव्या दिवशी वकिलामार्फत उत्तर आले. गाडी जशी आहे तशी विकली, हे तर होतेच. दुसरे म्हणणे असे की आम्ही केवळ मध्यस्थ, गाडी जुन्या मालकाची. यावर आमचा प्रश्न सरळ आहे. १ एप्रिल २०२३ पासून जुन्या नोंदणीकृत गाड्यांचा धंदा करणाऱ्या डीलरला आरटीओचे अधिकारपत्र घ्यावे लागते, ते पाच वर्षे चालते. मालकाने गाडी त्याच्या ताब्यात दिल्याचे आरटीओला रितसर कळवले की पुढे तो डीलरच मालक समजला जातो आणि गाडी कुठे, कशासाठी फिरवली याची नोंदवहीही त्याला ठेवावी लागते. मग कोऱ्या टीटी फॉर्मवर आठ महिने गाडी ठेवून घेणारा स्वतःला मध्यस्थ कसा म्हणवतो? मैदानात शिरल्यावर चहा घेण्याआधी ते अधिकारपत्र भिंतीवर आहे का, हे प्रत्येकाने विचारावे. ज्याच्याकडे असेल त्याला दाखवायला काय अडचण?

तिसरा मुद्दा आम्हाला सर्वांत झोंबला. गाडी पिवळ्या पाटीची, धंद्यासाठी घेतलेली, म्हणून तक्रारदार ग्राहकच नाही. म्हणजे डॉक्टरसाहेब फसले तर ग्राहक आणि ड्रायव्हर फसला तर व्यापारी! पण कायद्याने हे दार आधीच उघडे ठेवले आहे. जो माणूस स्वतः राबून केवळ आपल्या पोटासाठी वस्तू वापरतो, तो ग्राहकच. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये लक्ष्मी इंजिनिअरिंगच्या निकालात स्वतः रिक्षा चालवून पोट भरणाऱ्याचेच उदाहरण दिलेले आहे. भाच्याकडे ड्रायव्हरचा बॅज आहे, परवाना आहे, दुसरी गाडी नाही, नोकर नाही. हे सगळे आम्ही शपथपत्रावर लिहून दिले.

मागच्या महिन्यात त्या डीलवाल्याचा एक माणूस अमरावतीला घरी आला. सत्तर हजार घ्या, तक्रार मागे घ्या, असे म्हणाला. भाचा क्षणभर विचारात पडला, कारण पतसंस्थेचा हप्ता तोंडावर होता. ताईने विचारले, "हे लिहून देसान का? मराठीत?" तो शेटला विचारून येतो म्हणाला, तो अजून आलेला नाही.

भाचा पुन्हा परतवाड्याच्या फेऱ्यांवर जातो, दुसऱ्याच्याच गाडीवर. सूनबाई बचत गटात जाऊ लागली आहे आणि तिथल्या दोघीजणी आपल्या घरच्या जुन्या गाडीचे कागद घेऊन आमच्याकडे आल्या होत्या. एकीच्या आरसीवर बँकेचा बोजा अजून चढलेलाच आहे, विकणाऱ्याने सांगितलेच नव्हते. तिची तक्रार आम्ही या आठवड्यात लिहून देणार आहोत. आमची पुढची तारीख येत्या महिन्यात आहे, आणि अकोल्याचे ते निवृत्त गृहस्थ सकाळच्या गाडीने बडनेऱ्याला उतरून साक्षीला येतो म्हणाले आहेत.