सासूची भूमिका

गेल्या महिन्यात आमच्या महिला मंडळाची नाटिका ठरली आणि माझ्या वाट्याला आली ती सासू! सून कोण, तर माझ्याहून दोनच वर्षांनी लहान असलेली शेजारीण. वर "तुमचा आवाज भारदस्त आहे ना," ही मखलाशी. घरी येऊन मी कणीक जरा जास्तच जोरात तिंबली. वय सदतीस, शाळेत अर्धवेळ शिकवते, केसांत नावालाच चांदी. आणि मी सासू?

सासूबाई भाजी निवडत होत्या. म्हणाल्या, "त्या रोहिणी हट्टंगडीकडं बघ की. ती तर तिशीतच म्हातारी झाली होती."

आमच्या अंबाजोगाईतल्या घरात हे नाव पाहुण्यासारखं नाही, घरच्यासारखं घेतलं जातं. २०१० साली मी लग्न होऊन आले, तेव्हा ई टीव्ही मराठीवर 'चार दिवस सासूचे' चालू होती. २००१ ते २०१३, तीन हजारांवर भाग! संध्याकाळी वीज गेली की आशालता देशमुखांचं पुढं काय झालं, हे दुसऱ्या दिवशी पाण्याच्या नळावर कळायचं. माझी सासूबाईंशी पहिली खरी बोलणी झाली ती त्याच मालिकेवरून, नाहीतर तोवर 'जेवलीस का' आणि 'हो' एवढंच.

पण मालिकेच्या आधीची रोहिणीताई आपल्याला कुठं ठाऊक असते? पुण्याची ही मुलगी दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात इब्राहिम अल्काझींच्या हाताखाली शिकली. तिथलेच जयदेव हट्टंगडी पुढं तिचे पती आणि दिग्दर्शक झाले. मुंबईत दोघांनी प्रायोगिक नाटकं केली. त्यातलं 'चांगुणा' गाजलं. मग १९८२ साली रिचर्ड अॅटनबरोंचा 'गांधी' आला. त्यात तिनं कस्तुरबा केल्या, ऐन तारुण्यापासून आगाखान पॅलेसमधल्या शेवटापर्यंत. त्यासाठी ब्रिटिश अकादमीचं बाफ्टा पारितोषिक तिला मिळालं.

आता मला खटकणारी गोष्ट सांगते. १९८४ च्या 'सारांश'मध्ये मुलगा गमावलेलं वृद्ध जोडपं आहे. ते साकारणारे अनुपम खेर तेव्हा एकोणतीस वर्षांचे, आणि रोहिणीताईही काही म्हातारी नव्हती. दोघांनीही कमाल केली. पण पुढं खेरांना खलनायक मिळाला, विनोदी बाप मिळाला, काय काय मिळालं. आणि तिला? आई. १९९० च्या 'अग्निपथ'मध्ये तर अमिताभ बच्चनची आई, त्याच्याहून वयानं लहान असून! पुरुषाच्या केसांना लावलेली पांढरी पावडर धुतली की जाते, बाईची मात्र राहते, असं मी म्हटलं, तर सासूबाई म्हणाल्या, "मग तिनं काय नाटक सोडलं?"

नाही सोडलं. 'अपराजिता' हा एकपात्री प्रयोग तिनं केला. अख्खं नाटक एकटीच्या खांद्यावर, समोर ना नट ना नटी. जयदेव २००८ साली गेले, तरी तिचं काम चालूच राहिलं. 'होणार सून मी ह्या घरची'मधली आईआजी तर तुम्हीही जेवणं खोळंबून पाहिली असेल.

२०२३ च्या जुलैत आम्ही अकराजणी 'बाईपण भारी देवा' पाहायला लातूरला गेलो. नुकतंच मार्चपासून बायकांना एस. टी.चं तिकीट अर्धं झालं होतं, त्यामुळं घरून परवानगीही निम्म्या कटकटीत मिळाली. सहा बहिणींतली थोरली जया म्हणजे रोहिणीताई. सत्तरीच्या आसपासची बाई मंगळागौरीच्या खेळात उतरते! थिएटरात शिट्ट्या वाजल्या, आणि सांगायला हरकत नाही, एक माझीही होती. सासूबाई शेजारीच होत्या. त्यांनी चिमटा काढला, पण हळूच.

तर मी भूमिका घेतली. फक्त बाईंना सांगून सासूचा एक संवाद बदलून घेतला. सुनेला टोमणा मारण्याऐवजी ती आता तिची अर्धवट राहिलेली परीक्षा कधी आहे, ते विचारते. आणि तालमीसाठी सासूबाईंनी पेटीतलं जुनं इरकली लुगडं काढून दिलंय.

"चहा सांडलास तर बघ," म्हणाल्या.