तीन तास छत्तीस मिनिटं

सोयाबीनची सोंगणी आटोपून शेतात सुडी लागली होती आणि मी चार दिवस जऊळक्याला आलो होतो. दुपारी कामावरून फोन आला. "दादा, डेटा ग्रुपमधली एक डिस्क गेली. फोर्स लावून काढून टाकू?"

घरात आवाज तुटत होता. गच्चीवर धावलो.

आमचा डेटाबेस ओरॅकलच्या एएसएमवर आहे. नॉर्मल रिडंडन्सी, म्हणजे प्रत्येक तुकड्याच्या दोन प्रती, वेगवेगळ्या फेल्युअर ग्रुपमध्ये. म्हणून काम सुरूच होतं. पण त्या डिस्कवरच्या मजकुराची आता एकच प्रत उरली होती, आणि तिलाही काही झालं असतं तर सगळा ग्रुपच बंद पडला असता.

"काही काढू नको. रिपेअर टायमर किती?"

"अकरा हजार आठशे."

पडलेली डिस्क एएसएम आपणहून काढून टाकेपर्यंत आमच्याकडे मुदत ३.६ तासांची, म्हणजे १२,९६० सेकंद. डिस्क पडून वीस मिनिटंही झाली नव्हती. मुदतीत ती परतली तर मधल्या वेळात बदललेलं तेवढंच तिच्यावर लिहावं लागतं. काढून टाकली तर तिचा सगळा मजकूर एकुलत्या प्रतींवरून वाचून उरलेल्या डिस्कवर पसरायचा, तोही भर कामाच्या वेळी. घाईत डिस्क काढण्याची मला म्हणूनच भीती वाटते.

लिनक्सला डिस्क दिसतच नव्हती. कर्नलच्या लॉगमध्ये मात्र खराब सेक्टरची एकही तक्रार नव्हती, नुसती लिंक तुटल्याची ओळ. मी विचारलं, "आज तिथं कुणी हात लावला?"

जरा वेळ शांतता. मग म्हणाला, "शेजारच्या खणातली डिस्क बदलायला माणूस आला होता."

तो खाली जाऊन बघून आला. खणाचा खटका अर्धवट लागलेला. डिस्क नीट बसवली, तर ती वेगळंच अक्षर घेऊन उगवली. आधी एसडीएफ, आता एसडीके. पण यूडेव्हचा नियम आम्ही सीरियल नंबरवर बांधला होता, त्यामुळे एएसएमला तेच जुनं नाव आणि तीच मालकी मिळाली. ऑनलाइनचा आदेश दिला. अकरा मिनिटांत दोन्ही प्रती जुळल्या.

"स्मार्टचे आकडे आठवडाभर रोज पाठव," एवढं सांगून खाली उतरलो. आभाळ भरून आलं होतं. बाबा ताडपत्री घेऊन निघाले होते.

"गेलं का मंग काही?"

"नाही बाबा, जागेवरून सरकली होती."

मी ताडपत्रीचं दुसरं टोक धरलं.