फेरी थांबलेले फेरीवाले

संध्याकाळचे सात वाजले की सिंगापूरच्या व्यापारी पेठेतला बून टॅट स्ट्रीट वाहनांसाठी बंद होतो. रस्त्यावर टेबलं-खुर्च्या मांडल्या जातात, गाड्यांवर कोळसे फुलतात, आणि साते, म्हणजे काडीला ओवलेले मांसाचे तुकडे, त्यावर भाजायला पडतात. बाजूलाच लाउ पा सात हा अष्टकोनी जुना बाजार आहे. त्याच्या १८९४ सालच्या इमारतीचं ओतीव लोखंड ग्लासगोहून आलं होतं. मागे काचेचे मनोरे, पुढे धूर आणि शेंगदाण्याच्या रश्शाचा वास, असं चित्र असल्यामुळे संध्याकाळच्या खाद्यभ्रमंतीला निघालेल्या पाहुण्यांना इथे हमखास आणलं जातं आणि ‘हे आमचं रस्त्यावरचं खाणं’ असं सांगितलं जातं. खाणं उत्तम असतं, सांगणं मात्र अपुरं. या शहरातलं रस्त्यावरचं खाणं १९८६ पर्यंत संपूर्णपणे छपराखाली गेलं. एस्प्लनेडजवळचा प्रसिद्ध सातेवाल्यांचा अड्डाही १९९५ मध्ये उठला. बून टॅट स्ट्रीट हा मुद्दाम मांडलेला अपवाद आहे. बाकीचं शहर शंभराहून अधिक हॉकर सेंटरांमध्ये जेवतं, आणि ती सेंटरं आहेत सरकारने बांधलेली, क्रमांक घातलेल्या गाळ्यांची, नळ-गटार-वीज असलेली मंडई. आपल्या भाषेत फेरीवाला म्हणजे फेरी मारणारा. इथे फेरी थांबली त्याला आता चार दशकं होत आली, हॉकर हे नाव तेवढं मागे राहिलं.

हे नीट समजून घ्यायला हवं, कारण पाहुण्यांइतकाच इथे स्थायिक झालेल्या आपल्या लोकांचाही एक गैरसमज असतो. जगातल्या महागड्या शहरांत गणल्या जाणाऱ्या सिंगापुरात चार-पाच डॉलरांत पोटभर चिकन राइस मिळतो, हे आपण या शहराचं एक सुखद आश्चर्य समजतो. स्वस्ताई मात्र आपोआप येत नाही. ती कोणीतरी सोसत असतं. आधी ती मुख्यतः सरकारी तिजोरीने आणि सरकारी जमिनीने सोसली. आता तिचा मोठा भाग पहाटे उठून कढईपुढे उभ्या राहणाऱ्या, साठीला टेकलेल्या माणसांवर पडला आहे. म्हणून या ताटलीची किंमत वाढली तर ती आपण आनंदाने द्यायला हवी, असं मला ठामपणे म्हणायचं आहे.

दुसऱ्या महायुद्धानंतर बेकारी मोठी होती. ज्याला दुसरं काही जमेना तो खांद्यावर कावड घेऊन शेवयांचं सूप विकू लागला. कढई, पाट्या, पाण्याची बादली आणि त्याच बादलीत पुन्हापुन्हा विसळलेले वाडगे. सांडपाणी गटारात, गटार नदीत. पटकी आणि विषमज्वराची भीती खरी होती, आणि निरीक्षकांच्या धाडी व पळापळही रोजची होती. १९५० मध्ये वसाहतीच्या सरकारने या प्रश्नावर चौकशी आयोगही नेमला होता. स्वतंत्र सिंगापूरने मात्र कामाचा क्रम वेगळा लावला. १९६८-६९ मध्ये शहरभरच्या फेरीवाल्यांची नोंदणी झाली आणि त्यांना परवाने मिळाले. १९७१ पासून सेंटरं बांधायला घेतली आणि जसजसे गाळे तयार झाले तसतसे रस्ते मोकळे केले. १९७७ ते १९८७ अशी दहा वर्षं चाललेल्या नदी-स्वच्छतेच्या मोहिमेत काठावरचे फेरीवालेही याच वाटेने आत गेले. आधी नोंद, मग जागा, मग हलवणं, हा क्रम मला छपरापेक्षा आणि फरशीपेक्षा महत्त्वाचा वाटतो. शिवाय ती जागा शहराबाहेर दिली नाही. सरकारी गृहसंकुलांच्या पोटात, भाजी-मासळीच्या बाजाराला लागून दिली, म्हणजे गिऱ्हाईक घरातून चपला घालून उतरलं की गाळ्यावर. आणि रस्त्यावरून आलेल्या त्या पहिल्या पिढीकडून सवलतीचंच भाडं घेतलं.

यावर नेहमीचा आक्षेप असा, की या व्यवस्थेत रस्त्याचा जीव गेला. स्वच्छतेचे दर्जे टांगलेले गाळे, खुणा केलेल्या जागा, ताट स्वतः नेऊन न ठेवल्यास दंडाची तरतूद, यात कसली आलीय खाऊगल्ली? काही गेलं हे खरंच आहे. बांबूच्या पट्ट्या ‘टोक टोक’ वाजवत शेवया विकणारा पोरगा गेला, आणि त्या आवाजासरशी वरच्या मजल्यावरून खाली सोडली जाणारी टोपलीही गेली. ज्यांनी ते पाहिलं त्यांची हळहळ मला खोटी वाटत नाही. पण खाण्याचा जीव म्हणजे फक्त धूळ आणि अनिश्चितता असेल, तर तो जीव विकणाऱ्याच्या वाट्याला काय म्हणून येतो, हेही विचारायला हवं. गिऱ्हाइकाला जे रम्य वाटतं ते त्याला पावसात भिजणं होतं, सामान जप्त होणं होतं. उलट छपराखाली आल्यावर एक गोष्ट घडली, जी रस्त्यावर तितकी सहज घडली नसती. निरनिराळ्या वस्त्यांत, आपापल्या बोलीच्या लोकांसाठी शिजणारं खाणं एका अंगणात आलं. हैनानी चिकन राइस, तेओच्यू मुळ्याचा केक, मलय नासी लेमाक, तमिळ मुस्लिमांची मी गोरेंग. लिटल इंडियातल्या टेका सेंटरमध्ये डोशाला ‘थोसाई’ म्हणतात आणि पराठा ‘प्राता’ होऊन कोंबडीच्या रश्शाबरोबर येतो. अनेक सेंटरांमध्ये वापरलेली ताटं परत ठेवण्याचे कप्पेही हलाल आणि बिगरहलाल असे वेगळे आहेत, पण टेबल एकच. डुकराचं मांस खाणारा, न खाणारा आणि मांसच न खाणारा असे तिघे एका टेबलाशी बसून जेवतात, आणि कोणाला आपला नेम मोडावा लागत नाही. सोवळं पाळूनही पंगत एक ठेवता येते, याचं इतकं साधं उदाहरण मला दुसरं ठाऊक नाही.

भाषेचंही तसंच. ‘कोपी-ओ-कोसोंग’ अशी काळ्या, बिनसाखरेच्या कॉफीची मागणी ऐका. ‘कोपी’ आणि ‘कोसोंग’ मलय, मधला ‘ओ’ होक्कियन या चिनी बोलीतला. ही कॉफी साखर आणि मार्गारिनसोबत भाजलेल्या बियांची, कापडी गाळणीतून उंचावरून ओतलेली. मागणारा तमिळ असतो, बनवणारा बहुधा चिनी. टेबल राखून ठेवायला लोक त्यावर कागदी रुमालांचं पाकीट ठेवतात, त्याला ‘चोप’ म्हणतात. तो शब्द आपल्या ‘छाप’चा दूरचा नातलग असल्याचं सांगतात. १६ डिसेंबर २०२० रोजी युनेस्कोने सिंगापूरच्या हॉकर संस्कृतीला अमूर्त वारशाच्या यादीत स्थान दिलं, ते एखाद्या पदार्थाला दिलेलं नव्हतं. एकत्र बसून जेवण्याच्या या रीतीला दिलेलं होतं. ज्यांना ही सेंटरं निर्जीव वाटतात, त्यांनी एखाद्या जुन्या वसाहतीतल्या सेंटरमध्ये कामाच्या दिवशी संध्याकाळी सहा ते आठ नुसतं बसावं. कामावरून परतणारी माणसं घरच्यांसाठी ‘दापाओ’ म्हणजे बांधून घेत असतात, म्हातारे एका कॉफीवर तास काढत असतात, शाळेच्या गणवेशातली मुलं उसाच्या रसासाठी रांगेत असतात.

आता किमतीकडे येऊ. २०१६ मध्ये उपाहारगृहांना तारे देणाऱ्या मिशेलिनने सिंगापूरची पहिली मार्गदर्शिका काढली, तेव्हा दोन हॉकर गाळ्यांना तारा मिळाला. त्यातल्या एका गाळ्यावरचा सोया सॉसमधल्या कोंबडीचा भात तेव्हा दोन डॉलरांना होता, आणि ‘ताऱ्याचं जगातलं सर्वांत स्वस्त जेवण’ म्हणून त्याची ख्याती पसरली. मला ही ख्याती चिंतेची वाटते. त्या कोंबडीमागे मुरवण्याचे, शिजवण्याचे, टांगण्याचे जेवढे तास होते, त्यांचा मोबदला दोन डॉलरांत मावत नव्हता. तो त्या स्वयंपाक्याच्या आयुष्यातून वजा होत होता. हॉकरांचं मध्यम वय आज साठीच्या आसपास आहे. काम पहाटे चार-पाचला सुरू होतं. रस्सा उकळायला, मासे साफ करायला, मसाला वाटायला माणूस एकटा किंवा नवरा-बायको दोघंच. परवान्याच्या अटींनुसार गाळेधारकाने स्वतः गाळ्यावर उभं राहायला हवं, पोटभाड्याने देणं चालत नाही. दलाल माजू नयेत म्हणून ही अट योग्यच, पण गुडघे दुखू लागले की गाळा बंद. सवलतीचं भाडं पहिल्या पिढीपुरतं. नव्याने येणारा निविदा भरून येतो. बऱ्याच निविदा माफक असतात, तरी २०२४ मध्ये मरीन परेडच्या एका गाळ्यासाठी महिना दहा हजार डॉलरांहून अधिक भाड्याची बोली लागली होती. तेल, तांदूळ, गॅस महाग झाले. गिऱ्हाइकाच्या मनातला भाव मात्र जुन्याच आकड्यावर अडकून बसला आहे.

हा मनातला भाव कसा बनतो, हे तपासण्यासारखं आहे. मॉलमधल्या वातानुकूलित दुकानात जपानी शेवयांचा वाडगा पंधरा-सोळा डॉलरांना घेणारा माणूस हॉकर सेंटरमधल्या शेवया पाचच्या सहा झाल्या की कुरकुरतो. कॅफेतल्या दुधाळ कॉफीचे सात डॉलर त्याला खटकत नाहीत, कोपीचे वाढलेले वीस सेंट खटकतात. कौशल्यात फरक असलाच तर बहुतेक वेळा तो हॉकरच्या बाजूने असतो, कारण तीस-चाळीस वर्षं एकच पदार्थ करणारे हात उपाहारगृहांना सहसा मिळत नाहीत. फरक आहे तो आपण कोणाच्या श्रमाला कला म्हणतो आणि कोणाच्या श्रमाला नुसती सोय म्हणतो, याचा. इथले मराठी लोकही याला अपवाद नाहीत. बँकेत किंवा सॉफ्टवेअरच्या नोकरीत चांगला पगार घेणाऱ्या कुटुंबात ‘हॉकर सेंटरही महागलं’ हे वाक्य सहज बोललं जातं, आणि त्या बोलण्याचा भार कोणावर पडतो हे लक्षात येत नाही.

याला एक गंभीर उत्तर दिलं जातं. भाव वाढले तर कमी मिळकतीच्या माणसाने काय खायचं? सफाई कामगार, टॅक्सीचालक, एकटे वृद्ध यांच्यासाठी हॉकर सेंटर हीच खानावळ आहे, आणि तिचा भाव हा सामाजिक करार आहे. यातलं पहिलं सगळं मान्य. पण करार समाजाचा असेल तर त्याची किंमत समाजाने मोजावी, गाळ्यावरच्या एका म्हाताऱ्या जोडप्याने का? सरकारने नागरिकांच्या घरांना दिलेली सीडीसी व्हाउचरं हॉकर गाळ्यांवर चालतात. त्यात गरजूला आधार मिळतो आणि हॉकरला पूर्ण किंमतही मिळते. ही वाट बरोबर आहे. याउलट नव्या सेंटरांमध्ये काही जेवणं ठरावीक स्वस्त दरातच ठेवण्याची जी अपेक्षा असते, ती भार पुन्हा गाळेधारकावरच ढकलते. मदत ज्याला हवी त्याच्या हातात द्यावी. ज्यांना ती नको आहे अशा आपल्यासारख्यांना चाळीस वर्षांपूर्वीच्या भावाने जेवू घालण्याचं हॉकरवर काही बंधन नाही.

मुंबई-पुण्याहून आलेले पाहुणे या सेंटरांमध्ये फिरताना हटकून म्हणतात, आपल्याकडे असं का होत नाही? आणि त्याला तयार उत्तर असतं : हे चिमुकलं, श्रीमंत, शिस्तीचं शहर, बहुतेक जमीन सरकारच्या मालकीची, त्याची तुलना कशाला? आकाराचा आणि जमिनीचा मुद्दा खरा आहे. पण सिंगापूरने हे काम हाती घेतलं तेव्हा ते श्रीमंत नव्हतं. आणि आपल्याकडे कायदा नाही असंही नाही. २०१४ च्या पथविक्रेता कायद्यात सर्वेक्षण, विक्रीचं प्रमाणपत्र, नगर पथविक्रेता समिती हे सगळं आहे, आणि सर्वेक्षण पुरं होऊन प्रमाणपत्रं मिळेपर्यंत कोणाला हटवू नये असंही त्यात लिहिलं आहे. म्हणजे सिंगापूरचाच क्रम आपण कागदावर उतरवला आहे. प्रत्यक्षात तो उलटा चालतो. आधी पालिकेची गाडी येते, हातगाडी उचलली जाते, मग पुन्हा हप्ता आणि पुन्हा तीच जागा. सिंगापूरकडून छत आणि चकचकीत फरशी उचलायला निघालेल्या प्रत्येक पालिकेने आधी त्या नोंदवहीकडे पाहावं. आणि इथल्या पुढच्या चुकीकडेही पाहावं. १९८६ नंतर जवळजवळ पंचवीस वर्षं सिंगापूरने नवी सेंटरं बांधलीच नाहीत. २०११ मध्ये पुन्हा बांधण्याचा निर्णय झाला, तोवर मधली एक पिढी या धंद्याकडे पाठ फिरवून गेली होती. आता नवशिक्यांसाठी कमी भाड्याचे गाळे, उस्तादाकडून शागिर्दाकडे गाळा सोपवण्याच्या योजना चालू आहेत. त्या चांगल्या आहेत, पण ज्या धंद्यात पोट भरण्याची खात्री नाही तिथे शागिर्द किती टिकणार?

संध्याकाळची भ्रमंती आखणाऱ्यांनी म्हणून पाहुण्यांना बून टॅट स्ट्रीटवर जरूर न्यावं, पण तिथे थांबू नये. चायनाटाउन कॉम्प्लेक्सच्या दुसऱ्या मजल्यावर न्यावं, जिथे दोनशेहून अधिक गाळे आहेत. संध्याकाळ उतरायला लागेपर्यंत त्यातल्या कित्येकांची शटरं खाली आलेली असतात, कारण ते पहाटेपासून उभे होते आणि रात्रीच्या पाळीला त्यांच्याकडे दुसरं माणूस नाही. पाहुण्यांना ती शटरंही दाखवावीत. मग जो गाळा उघडा असेल तिथे रांगेत उभं राहावं, भाव न विचारता मागवावं, आणि फलकावर जुना आकडा खोडून नवा लिहिलेला दिसला तर तो नवा आकडा मुकाट्याने द्यावा.