कात्रीचा मान

आमच्या बेळगावच्या घरात शिवणयंत्र होते, पण शिवणकामाविषयी आदर नव्हता, हे आज कबूल केले पाहिजे. धाकट्या कन्येने चित्रकलेचे शिक्षण संपविल्यावर चित्रपटांच्या वेशभूषेचे काम शिकण्याची इच्छा बोलून दाखविली. तेव्हा "इतकी वर्षे रंग हाताळून शेवटी कात्रीच धरणार काय?" असे उद्गार आमच्याच मुखातून निघाले. ती काही बोलली नाही. मात्र रात्री आमच्या उशाशी भानु अथैया यांचे, २०१० साली प्रसिद्ध झालेले पुस्तक ठेवून गेली.

भानुताई मूळच्या राजोपाध्ये, कोल्हापूरच्या. म्हणजे आमच्या शेजारच्याच. जन्म १९२९ चा. वडील चित्रकार. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत त्यांनी सुवर्णपदक मिळविले, आणि १९५३ साली प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपच्या प्रदर्शनात त्यांची चित्रे मांडली गेली. अशा मुलीने कुंचला सोडून कापडाकडे वळावे, हे तेव्हाही कित्येकांना खटकले असेल; आम्ही तेथे असतो तर आम्हांसही खटकले असते! स्त्रियांच्या नियतकालिकांसाठी पोशाखांची चित्रे काढता काढता त्या कपडे बेतू लागल्या, आणि १९५६ च्या 'सी. आय. डी.' पासून गुरुदत्तांच्या चित्रपटांत शिरल्या. पुढे 'साहिब बीबी और गुलाम', 'गाईड', 'आम्रपाली' अशी कामे होत गेली.

परंतु आम्ही थबकलो ते 'गांधी' पाशी. त्यात एकाच माणसाचे वस्त्र त्याच्या आयुष्याबरोबर उतरत जाते: आफ्रिकेतला बॅरिस्टरी सूट, मग साधा पेहराव, शेवटी पंचा. कोरे कापड पडद्यावर लगेच खोटे दिसते. त्याला धुऊन, घासून, मळवून जुने करावे लागते. शिवाय माणूस एकटा नसतो, भोवती अफाट जनसमुदाय असतो. जॉन मोलो यांच्याबरोबर या कामासाठी १९८३ साली भानुताईंना ऑस्कर मिळाले. ते मिळविणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. पुढे 'लेकिन' आणि 'लगान' यांसाठी राष्ट्रीय पुरस्कारही लाभले.

एक गोष्ट मात्र मनाला लागून राहिली. २०१२ साली त्यांनी ती सोनेरी बाहुली जतनासाठी अमेरिकेतील अकादमीकडेच परत पाठविली. आपल्या देशात ती ठेवण्याजोगी विश्वासाची जागा त्यांना दिसू नये! २०२० च्या ऑक्टोबरात मुंबईत त्यांचे निधन झाले.

पुस्तक मिटले तेव्हा पहाट होत आली होती. सकाळी आम्ही कन्येपाशी आदल्या दिवशीच्या बोलण्याचा विषय काढला नाही. क्षमा मागण्याची सवय आमच्या पिढीतील बापांना कमीच. ट्रंकेतून आमच्या आजोबांचा लोकरी कोट काढून तिच्यापुढे ठेवला, इतकेच. तिने तो उलटा केला, अस्तर पाहिले, शिवणीचे टाके मोजले. कोपराशी बाही विरली होती. तीवरून बोट फिरवीत ती म्हणाली, "बाबा, हे रफू करायला देऊ नका हं."