आठ एमबीची ठेव

वहीच्या चौथ्या पानावर माझं नाव आहे. दोनशे पानी, आखीव, खाकी कागदाचं कव्हर घातलेली वही. नावापुढे निळ्या शाईत लिहिलंय, 'कार्ड २, सॅन, क्रिकेट'. पुढे तारीख, आणि त्या अख्ख्या ओळीवर पट्टी धरून मारलेली लाल रेघ. रेघेखाली माझी सही. अठरावं लागलं होतं तेव्हा मला, बँकेत खातंसुद्धा नव्हतं. कुणाकडून काही ताब्यात घेतल्याची म्हणून मी आयुष्यात केलेली ती पहिली सही.

रत्नागिरीहून काजळी नदीच्या खाडीवरचा पूल ओलांडला की आमचं भाट्ये. पावसला जाणारे लोक उजव्या हाताचा समुद्र नि सुरूचं बन बघत पुढे निघून जातात. रस्ता सोडून माडांच्या सावलीतली पाखाडी चढली की काकांचं घर. काका मस्कतला एसी मेकॅनिक होते. २००६ साली कायमचे परत आले ते एक प्लेस्टेशन टू घेऊन. पडवीत टीव्ही मांडला, दोन बाकडी टाकली. तासाला दहा रुपये. बाहेर पाटी नव्हती, पण पलीकडच्या राजिवड्यातली पोरंसुद्धा पूल चालून यायची.

त्याआधी आम्हाला माहीत होता तो 'टीव्ही गेम'. कॅसेट खुपसायची, कॉन्ट्रा खेळायचा, लाइट गेली की सगळं पहिल्यापासून. खेळ आपल्याला लक्षात ठेवू शकतो ही गोष्टच ठाऊक नव्हती. जगात ते बरंच आधी सुरू झालं होतं. १९८७ साली अमेरिकेत आलेल्या झेल्डाच्या कॅसेटमध्ये छोटी बॅटरी बसवलेली होती, आणि त्या बॅटरीच्या जिवावर खेळणाऱ्याची प्रगती टिकायची. बॅटरी संपली की तीही संपायची. काकांच्या पीएसटूची तऱ्हा वेगळी. काडेपेटीहून जराशी रुंद, चपटं, काळं मेमरी कार्ड. त्याला बॅटरीची गरज नाही. जागा आठ एमबी. आज फोनवर काढलेल्या दोन-तीन फोटोंत भरून जाईल एवढी. अशी दोन कार्डं आणि पंचवीसेक पोरं.

म्हणून ती वही. कुणाचं काय कुठल्या कार्डात आहे, शेवटचं कधी सेव्ह केलं, सगळं काका लिहून ठेवत. आम्ही उठलो की विचारत, "सेव्ह केलंस ना रे?" मग पडद्याकडे बघून स्वतः खात्री करत. सेव्ह होत असताना कुणी बटणाकडे हात नेला तर ओरडत, "मेल्या, अक्षरं जाऊ देत आधी!" हे ओरडणं उगाच नव्हतं. जुन्या फाइलवरच नवी लिहिली जात असताना वीज गेली तर नवी तर मिळत नाहीच, जुनीही हातची जाते. ते भारनियमनाचे दिवस होते. काकांनी इन्व्हर्टर घेतला, पण त्यावर खेळायला द्यायचे नाहीत. लाइट गेली की म्हणत, "सेव्ह करा नि उठा. हा खेळायला नाही घेतलेला." सॅन अँड्रियासमध्ये तर वाटेल तिथे सेव्ह करता येत नाही, आधी आपल्या घरी पोचावं लागतं. मग अंधाऱ्या पडवीत चार-पाच जण एकाच्या मागे उभे राहून "घरी जा, घरी जा" म्हणून त्याला वाट सांगायचो.

खाऱ्या हवेने कार्डाच्या पट्ट्या काळवंडत. दर रविवारी काका खोडरबर घेऊन त्या घासत बसायचे. सोन्याचा दागिना पुसावा इतक्या हलक्या हाताने.

आता मला सांगायचं आहे ते २००८ च्या दिवाळीच्या सुट्टीतलं. माझी क्रिकेटची स्पर्धा रंगात आली होती आणि कार्ड भरलं होतं. खेळाची डिस्क न घालता मशीन चालू केलं की कार्डातल्या फाइली दिसतात. प्रत्येकीचं एकेक छोटं चित्र असतं, ते जागच्या जागी गरगर फिरत राहतं. एकावर थांबून बटण दाबलं की दोनच गोष्टी पुढे येतात, कॉपी किंवा डिलीट. एक मुलगा महिनाभर आला नव्हता. गॉड ऑफ वॉरमध्ये तो शेवटाजवळ पोचला होता हे मला माहीत होतं. तरी मी त्याच्या फाइलवर डिलीट दाबलं. चित्र फिरायचं थांबलं, नाहीसं झालं. माझी स्पर्धा त्याच्या जागेवर बसली.

काकांनी वहीवरून ते दोन दिवसांत पकडलं. सगळ्यांसमोर विचारलं, "कुणी पुसलं?" मी गप्प राहिलो. संध्याकाळी सगळे गेल्यावर परत गेलो आणि सांगितलं. ते रागावले नाहीत. वही उघडली, त्या मुलाचे तास मोजले. चौदा भरले. म्हणाले, "त्याचे चौदा तास तू भरायचे. पैसे तुझे. खेळणार तो, आणि तो खेळेल तेव्हा तू शेजारी बसायचं." एकशे चाळीस रुपये माझ्याकडे कुठले? माडाच्या झावळांचे हीर काढून केरसुण्यांसाठी विकले तेव्हा जमले. बोटांना चिरा पडल्या होत्या. पण खरी भरपाई पैशांची नव्हती. चौदा तास त्याच्या शेजारी बसून एकेक पायरी परत चढताना बघितली, तेव्हा मला कळलं की मी काय पुसलं होतं. आठव्या-नवव्या तासापर्यंत आमची दोस्ती झाली होती. त्याचे वडील भाट्याच्या नारळ संशोधन केंद्रात नोकरीला होते. २०१० मध्ये दापोलीला बदली झाली आणि तो गेला.

२००९ च्या ११ नोव्हेंबरला फयान आलं. वादळाने माड मोडले, कौलं उडाली, पण त्याहून जड होती ती समुद्रात गेलेल्या होड्यांची काळजी. सबंध किनारा खाडीच्या तोंडाकडे डोळे लावून होता. खेळ त्या दिवशी कुणाच्या मनातही नव्हता. चार दिवसांनी लाइट आली तेव्हा काकूंनी सांगितलं, छपरातून पाणी गळायला लागल्याबरोबर काकांनी आधी वही आणि कार्डं प्लॅस्टिकमध्ये बांधून तांदळाच्या पिंपात ठेवली, टीव्हीकडे मग बघितलं.

२०१२ मध्ये पडवी बंद झाली. पोरांच्या हातात फोन आले होते, काकांचे गुडघे गेले होते. दुसरा कुणी असता तर मशीन विकून मोकळा झाला असता. काकांनी मुंबईला लॅमिंग्टन रोडला जाऊन जुनी मेमरी कार्डं आणली, एकोणीस. स्वतःच्या पैशांनी. मग एकेकाला बोलावलं.

माझी पाळी आली तो दिवस मला लख्ख आठवतो. पहिल्या खाचेत जुनं कार्ड, दुसऱ्या खाचेत नवं. माझ्या फाइलवर कॉपी. पडद्यावरची पट्टी सरकत सरकत भरली. मी उठायला लागलो तर म्हणाले, "बस. झालं नाही अजून." जुनं कार्ड काढून बाजूला ठेवलं, नवं पहिल्या खाचेत घातलं, डिस्क लावली आणि माझ्या हाती कंट्रोलर दिला. "उघड. तुझंच आहे काय बघ." मी उघडलं. माझं घर, माझी गाडी, पैशांचा आकडा, सगळं होतं. "नीट बघ." मी नीट बघितलं. तेव्हा कुठे त्यांनी जुन्या कार्डातली माझी फाइल पुसली, वहीत सही घेतली आणि पट्टीने लाल रेघ मारली. एकोणीस मुलांसाठी त्यांनी हे एकोणीस वेळा करायचं ठरवलं होतं.

मी पुण्यात पतसंस्थांच्या नोंदी जुन्या प्रणालीतून नव्या प्रणालीत न्यायचं काम करतो. खातेदाराचं नाव, शिल्लक, वारसाची नोंद. आधी नक्कल, मग नव्या जागी उघडून रकमेचा ताळा, आणि जुनं पुसणं सगळ्यात शेवटी. सहकारी विचारतात, एवढी घाई असताना तू अडून का बसतोस? अडून बसायला मी कुठल्याही वर्गात शिकलेलो नाही. शिकलो ते पडवीत. आठ एमबीत मावणारी, बाजारात कवडीचीही किंमत नसलेली पोरांची ठेव एक माणूस अशी जपत होता, आणि मी तर लोकांच्या निवृत्तीचे पैसे हलवतो. पुण्याच्या जुन्या बाजारातून एक पीएसटू घेऊन ठेवलाय. वर्षातून एकदा कार्ड लावून माझं घर बघून येतो.

गेल्या मे महिन्यात भाट्याला गेलो तेव्हा भाच्याने नवा प्लेस्टेशन फाइव्ह आणला होता. जुना फोर आणि नवा फाइव्ह एकाच वायरने जोडले, रात्रभर सगळं सरकू दिलं. सकाळी त्याने आपला आवडता खेळ उघडला आणि रडवेला झाला. "मामा, पहिल्यापासून दाखवतंय!" गेलं काहीच नव्हतं. काही खेळांची फोरची आणि फाइव्हची आवृत्ती वेगळी धरलेली असते. जुन्या आवृत्तीतून फाइल वर पाठवायची आणि नव्या आवृत्तीत शिरून ती आत घ्यायची, तेव्हा धागा जुळतो. तासभर बसून जुळवला. फोर विकायला काढायचा होता, भाचा तो पुसायला निघाला. मी म्हटलं, "थांब. एकेक खेळ उघड, तुझाच आहे का बघ." तोंडातून शब्द गेले आणि लक्षात आलं, ही तर काकांची वाक्यं.

संध्याकाळी पाखाडी चढून गेलो. काका पडवीत सुपारी कातरत बसले होते. त्यांना फोर-फाइव्हची हकीकत सांगितली. सगळं ऐकून एकच विचारलं, "चालवून बघितलंन ना त्याने?" मग आत जाऊन पत्र्याचा डबा घेऊन आले. डब्यात फडक्याखाली वही, आणि तांदळात पुरलेली तीन कार्डं. एकोणिसातली तीन, जी कुणी न्यायला आलंच नाही. एकावर चिकटवलेल्या कागदावर त्याचं नाव होतं, माझ्या चौदा तासांच्या सोबत्याचं. बारा-तेरा वर्षं दर पावसाळ्यानंतर तांदूळ बदलत होते ते.

"काका, हे अजून कशाला?"

"त्यांचं आहे," ते म्हणाले. "माझं काय त्यात?"

तो आता चिपळूणला असतो, आमचं फोनवर बोलणं होतं. मी म्हटलं, द्या, मी पोचवतो, माझ्याकडे पीएसटू आहे. काकांनी वही उघडली, त्याच्या ओळीवर बोट ठेवलं. मी सही केली. नावाच्या आधी 'वतीने' लिहायला लावलं. काकूंनी आतून लाल पेन आणि पट्टी आणून दिली. काकांनी पट्टी ओळीवर ठेवली, पेन उघडलं, आणि परत बंद केलं.

"त्याने उघडून बघितलंन की फोन कर," ते म्हणाले. "मग मारीन रेघ."